गणित आणि चित्रकला

वार्षिक परीक्षा जवळ आली कीं पुष्कळ घरांतून चित्रकलेची वही कपाटांत बंद होते. आणि ज्या मुलास चित्रें काढण्याची आवड, त्याला गणित कधींच यावयाचें नाहीं, असें घरचीं माणसें ठरवूनच टाकतात. गणित हिशेबी माणसाचें व कला स्वप्नाळू माणसाची, ही वांटणी आमच्या मतें निराधार आहे. इतकेंच नव्हे, तर ती मुलांचें नुकसान करणारी आहे.

एका चित्रपटकाराचें उदाहरण घेऊं. जॉन व्हिटनी हा अमेरिकेंतील कॅलिफोर्निया प्रांतांत १९१७ सालीं जन्मला व १९९५ सालीं वारला. दुसऱ्या महायुद्धानंतर त्यानें सैन्यानें मोडीत काढलेलें एक यंत्र मिळविलें. शत्रूचें विमान पुढील क्षणीं कोठें असेल याचें गणित करून तें तोफेस नेम दाखवीत असे. व्हिटनीनें त्याची जोडणी बदलून त्याजकडून कॅमेऱ्यापुढें आकृति फिरवून घेतल्या, आणि १९६१ सालीं त्यांचा 'कॅटलॉग' हा लघुपट सिद्ध केला. पुढें आय. बी. एम. कंपनीच्या साहाय्यानें त्यास खरा संगणक मिळाला, व १९६८ सालीं 'पर्म्युटेशन्स' हा चित्रपट निघाला.

त्याची रीति शाळकरी मुलासही समजण्यासारखी आहे. मध्यबिंदूपासून निघणाऱ्या एका सरळ रेषेवर साठ बिंदु आहेत असें समजा. पहिल्याची जी गति, तिच्या दुप्पट दुसऱ्याची, तिप्पट तिसऱ्याची, याप्रमाणें सर्वांस मध्याभोंवतीं फिरूं द्या. लवकरच सारा गोंधळ दिसूं लागतो. परंतु पहिल्या बिंदूनें वर्तुळाचा तिसरा भाग आक्रमिला, कीं साठही बिंदु क्षणमात्र तीन सरळ रेषांवर येऊन उभे राहतात. अर्धें वर्तुळ होतांच दोन दिशा उरतात. कागद घेऊन पडताळून पाहावें! तंबोऱ्याची तार अर्धी केली असतां वरचा षड्ज, दोन-तृतीयांश ठेविली असतां पंचम निघतो. कानास गोड लागणारें तेंच प्रमाण डोळ्यांसही सुखवील, हा व्हिटनीचा सिद्धान्त. तो त्यानें १९८० सालच्या 'डिजिटल हार्मनी' या ग्रंथांत मांडला.

कोणी म्हणेल, काम यंत्रानें केलें, मग कलावंताचें काय उरलें? आमचें उत्तर असें कीं, यंत्रानें सांगितलेली गति चालविली. परंतु कोणती गति निवडावी, कोठें थांबावें, कोणती आकृति टाकून द्यावी, हें व्हिटनीच्या नजरेनें ठरविलें. आज तर शब्दांनीं मागतांच चित्र काढून देणारीं यंत्रेंही निघालीं आहेत. तेव्हां बरेंवाईट पारखणाऱ्या नजरेची गरज अधिकच वाढली आहे. ही नजर चित्रकलेच्या वहींतच तयार होते. उलट, ज्यास प्रमाण कळत नाहीं, त्याच्या हातीं उत्तम यंत्र दिलें तरी साठ बिंदूंचा गोंधळच राहील.

म्हणून पालकांस आमची विनंति आहे कीं, परीक्षेच्या दिवसांतही त्यांनीं ती वही बंद करूं नये. आणि विद्यार्थिमित्रांनो, भूमितीचा तास संपला तरी कंपासपेटी लगेच मिटूं नका; तिच्यांतून काय काय निघतें, तें पाहा.