दहा हजार ठिपक्यांचे चित्र

डिजिटल कॅमेऱ्याने छायाचित्रणकलेचा ऱ्हास केला, अशी तक्रार आजही जाणत्या रसिकांकडून ऐकू येते. फिल्मच्या रोलवर ३६ फोटो निघत. म्हणून माणूस विचार करून बटण दाबी, असा त्यांचा मुद्दा. त्यात तथ्य आहे. पण हा संयम कोणाला परवडत होता, हे मात्र कोणी विचारीत नाही.

थोडा इतिहास पाहू. १८८८ साली अमेरिकेत जॉर्ज ईस्टमन यांनी कोडॅक कॅमेरा आणला. त्यात १०० चित्रांची फिल्म भरलेली असे; ती संपली की कॅमेराच कारखान्यात पाठवायचा, पुढचे सारे काम कंपनी करी. १९०० साली त्याच कंपनीचा ‘ब्राउनी’ अवघ्या एका डॉलरला मिळू लागला. तज्ज्ञांची विद्या सामान्यांच्या हाती आली ती अशी.

याच कंपनीत, रोचेस्टर येथे, १९७५ साली स्टीव्हन सॅसन या तरुण अभियंत्याने फिल्मशिवाय चालणारा डिजिटल कॅमेरा जुळवला. वजन सुमारे ३.६ किलो. एक कृष्णधवल चित्र कॅसेटवर उतरायला २३ सेकंद लागत, आणि चित्रात ठिपके अवघे १०,०००! पहिल्या चित्रात केसांची आकृती उमटली, चेहरा मात्र ओळखू येईना. वरिष्ठांना त्यात फारसा रस वाटला नाही. वाटणार तरी कसा? कंपनीची मिळकत फिल्मवर होती. १९९१ मध्ये कोडॅकने विक्रीस आणलेला डिजिटल कॅमेराही मुख्यतः वृत्तछायाचित्रकारांसाठी होता. किंमत २०,००० डॉलरांच्या घरात. पुढे जानेवारी २०१२ मध्ये कंपनीवर दिवाळखोरीचा अर्ज करण्याची पाळी आली.

लोक याला कोडॅकचा मूर्खपणा म्हणतात. मला तसे वाटत नाही. ज्याचे पोट जुन्यावर भरते त्याला नवे परके वाटायचेच. पण रसिकांनी तरी तीच री का ओढावी?

३६ फोटोंचा संयम ज्यांच्या घरी रोल येई त्यांचा. आमच्यासारख्या घरांत संयम नव्हता, नुसता अभाव होता. माझ्या जन्माआधी वारलेल्या आजीचा एकही फोटो नाही. ती कशी दिसे, हे घरात प्रत्येकजण वेगळे सांगतो. आज मोबाईलमुळे दुसऱ्याच्या शेतात राबणाऱ्या बाईचाही चेहरा तिच्या नातवंडांसाठी मागे राहू शकतो. ढिगाने निघणाऱ्या फोटोंत वाईट फोटो पुष्कळ असतील, असोत. त्यांची पारख पुढे कधीही करता येईल. राहून गेलेला फोटो मात्र पुढे काढता येत नाही.