ट्रॅक्टर सुटतो, ड्रायव्हरचा गुन्हा राहतो

गोदावरी, भीमा, पूर्णा या नद्यांच्या काठच्या तहसील कार्यालयांत जा, आवारात पकडलेले ट्रॅक्टर आणि हायवा उभे दिसतात. बातमी येते ती दंडाची. गाडी चालवणाऱ्या पोराचं पुढे काय झालं, ते त्या बातमीत नसतं. आम्ही वस्त्यांमध्ये काम करतो तेव्हा आमच्याकडे येतो तो हाच पोरगा. गाडी त्याच्या नावावर नाही, घाटाचा ठेका त्याचा नाही, रात्रीच्या खेपेची मजुरी तेवढी त्याची.

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 चं कलम 48(7) बेकायदा काढलेल्या गौण खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड लावतं. कलम 48(8) खाली गाडी जप्त होते. ती 48 तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करावी लागते. दंड भरून, वैयक्तिक बंधपत्र लिहून दिलं की मालकाला ती सोडवता येते. 2018 च्या नियमदुरुस्तीत हा दंड ट्रॅक्टरला 1 लाख, डंपरला 2 लाख ठरला. कर्जावर एकच ट्रॅक्टर घेतलेला माणूस यात बुडतो. दहा हायवा फिरवणारा हा दंड डिझेलसारखा खर्चात धरतो आणि पुढच्या आठवड्यात पुन्हा घाटावर असतो.

फौजदारी बाजू वेगळी आहे. केंद्राच्या 1957 च्या खाण व खनिज कायद्यात कलम 23-क आहे. त्यानुसार रक्कम भरून गुन्ह्याची तडजोड करता येते, मग त्या कायद्याखाली पुढची कारवाई थांबते. पण वाळू ही सरकारी मालमत्ता, ती परवानगीशिवाय उचलणं ही चोरी, आणि चोरीचा गुन्हा स्वतंत्र चालू शकतो, असं सर्वोच्च न्यायालयाने 2014 च्या संजय प्रकरणात सांगितलं. 3 डिसेंबर 2020 च्या जयंत विरुद्ध मध्य प्रदेश या निकालात आणखी स्पष्ट केलं: तडजोड झाली तरी भारतीय दंड विधानाखालचा चोरीचा खटला त्यामुळे संपत नाही. आता तेच कलम भारतीय न्याय संहितेत 303 आहे, शिक्षा तीन वर्षांपर्यंत.

हा निकाल आम्हाला पटतो. नदी पैसे भरून मिटवण्याची वस्तू नाही. वाळू उपसली की काठच्या विहिरी आटतात, आणि पाण्यासाठी पहिली पायपीट वस्तीतल्या बायांनाच करावी लागते. अडचण अंमलबजावणीत आहे. छाप्यात जागेवर सापडतो तो ड्रायव्हर आणि भरणारे मजूर. आरोपी म्हणून त्यांची नावं लिहिली जातात, मालक 'तपासात निष्पन्न होईल' म्हणून बाहेर राहतो. मालक दंड भरून गाडी नेतो. पोरगा मात्र तारखांना जात राहतो, आणि पोलीस भरतीच्या चारित्र्य पडताळणीत 'गुन्हा प्रलंबित' हा शेरा त्याची वाट अडवतो. ज्याच्याकडे ना सातबारा ना नोकरी, त्याच्यासाठी हा दंड लाखापेक्षा मोठा आहे.

म्हणून 'चोरीचं कलम काढा' ही मागणी आपली नसावी. दंड भरून गाडी सोडवणारा मालक त्याच चोरीच्या गुन्ह्यात आरोपी का नाही, हे विचारलं पाहिजे. गाडी सोडल्याचा आदेश आणि मालकाचं बंधपत्र यांच्या प्रती माहिती अधिकारात मागा. गाडी कुणाची, हे त्यात सरकारी शिक्क्यानिशी लिहिलेलं असतं. त्या प्रती जोडून तपास अधिकाऱ्याला लेखी निवेदन द्या, पोच घ्या. घाटावर हजेरीचा कागद नसतो, म्हणून मजुरी फोनवरून आली असेल तर ती नोंद जपून ठेवा. आपण कामाला होतो हे कोर्टात सांगायला तीच उपयोगी पडते.

वकिलासाठी व्याजाने पैसे काढू नका. विधी सेवा प्राधिकरण कायदा 1987 च्या कलम 12 नुसार अनुसूचित जातीच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, आणि 1990 च्या दुरुस्तीपासून बौद्धांचाही त्यात समावेश आहे. जातीच्या दाखल्यासह अर्ज तालुका न्यायालयातल्या विधी सेवा समितीकडे करायचा. पहिल्या तारखेच्या आधी केला तर उत्तम.