प्रार्थनेतील नम्रता आणि तिसरा माणूस

मराठी भक्तिकाव्याच्या समीक्षेत नम्रतेचा विचार बहुधा शब्दकळेच्या अंगाने होत आला आहे. दीन, पतित, दास, चरणरज अशी पदे एखाद्या रचनेत आढळली की तिचा समावेश शरणागतीच्या कवितेत होतो आणि तेथेच विवेचन थांबते. मराठी ख्रिस्ती कवितेच्या बाबतीत या पद्धतीचे दुष्परिणाम अधिक जाणवतात. तेथील दैन्यवाचक शब्द संतांच्या शब्दांशी जुळले, की ती कविता संतकाव्याचे अनुकरण ठरते आणि जुळले नाहीत, की ती धर्मप्रसाराचे वाङ्मय ठरते. दोन्ही निर्णयांत कवितेतील प्रार्थनेची रचना पाहिलीच जात नाही. नम्रता ही प्रार्थनेच्या शब्दांत नसून तिच्या रचनेत असते. प्रार्थना करणारा, ज्याची प्रार्थना केली जाते तो, आणि त्या दोघांखेरीज तेथे उपस्थित असलेला तिसरा, यांच्या परस्परसंबंधांत ती शोधावी लागते. हा निकष बाहेरून आणण्याचे कारण नाही. ख्रिस्ती परंपरेच्या मूळ संहितेतच तो उपलब्ध आहे.

लूककृत शुभवर्तमानाच्या अठराव्या अध्यायातील परूशी आणि जकातदार यांचा दृष्टान्त सर्वपरिचित आहे. दोघे मंदिरात प्रार्थनेसाठी जातात. परूशी देवाचे आभार मानतो. आपण इतर माणसांसारखे, किंवा त्या जकातदारासारखे, नाही याबद्दल. आठवड्यातून दोनदा उपवास आणि सर्व उत्पन्नाचा दशमांश यांचाही तो उल्लेख करतो. जकातदार दूर उभा राहतो, नजर वर करीत नाही, ऊर बडवून केवळ दयेची याचना करतो. देवापुढे नीतिमान ठरून घरी जातो तो जकातदार. या दृष्टान्ताचे 'गर्वाचे घर खाली' असे सुलभीकरण केले जाते. त्यात दोन गोष्टी निसटतात. पहिली, परूशी खोटे बोलत आहे असे संहिता कोठेही म्हणत नाही. त्याचे उपवास आणि दशमांश खरे आहेत. दुसरी, त्याची प्रार्थना बाह्यरूपाने आत्मस्तुती नाही, ती कृतज्ञता आहे. म्हणजे गर्वाने येथे नम्रतेचाच एक मान्य प्रार्थनाप्रकार स्वीकारला आहे. केवळ शब्दकळा तपासणाऱ्या वाचकाला ही प्रार्थना निर्दोष वाटण्याचा संभव आहे.

दोष कोठे आहे, हे व्याकरण सांगते. मूळ ग्रीक संहितेत परूश्याच्या छोट्याशा प्रार्थनेतील पाच क्रियापदे प्रथमपुरुषी एकवचनी आहेत. देवाला एकदा हाक मारल्यानंतर त्याच्यासाठी एकही क्रियापद उरत नाही. त्याच्याकडे मागण्यासारखे काही नाही. जकातदाराच्या वाक्यात क्रियापद एकच आहे. ते आज्ञार्थी असून त्याचा कर्ता देव आहे. प्रार्थना करणारा चतुर्थी विभक्तीत, स्वीकारणाऱ्याच्या जागी, उभा आहे. शिवाय तेथे 'पापी' या शब्दाला निश्चयदर्शक उपपद जोडलेले आहे. मराठीत असे उपपद नसल्यामुळे भाषांतरात ही छटा हरवते. तो स्वतःला अनेक पाप्यांपैकी एक म्हणत नाही, किंवा सर्वांत मोठा पापीही म्हणत नाही. त्या क्षणी त्याच्या दृष्टीसमोर दुसरा पापीच नाही.

दोन प्रार्थनांमधील खरा भेद येथे आहे. परूश्याच्या प्रार्थनेत 'तो जकातदार' हा तिसरा माणूस आहे आणि त्याच्यावाचून ती प्रार्थना पूर्ण होत नाही. जकातदाराच्या प्रार्थनेत परूशी नाही. यावर असा आक्षेप घेता येईल की, इतरांसाठी केलेल्या मध्यस्थीच्या प्रार्थनेतही तिसरा माणूस असतोच. आक्षेप योग्य आहे. म्हणूनच प्रश्न तिसऱ्याच्या केवळ उपस्थितीचा नसून त्याच्या स्थानाचा आहे. मध्यस्थीत तो सोबती असतो, परूश्याच्या प्रार्थनेत तो मापदंड असतो. प्रभूच्या प्रार्थनेत प्रथमपुरुषी एकवचन नाही, हे या संदर्भात लक्षणीय आहे. तेथे भाकर मागितली जाते ती 'आम्हांला', क्षमा मागितली जाते तीही 'आम्हांला'. मराठीतील 'आम्ही' हे सर्वनाम ऐकणाऱ्याला वगळते, त्यामुळे देवाशी बोलताना तेच स्वाभाविक ठरते. परंतु देवाखेरीज आणखी कोणाला त्यातून वगळले आहे, हा प्रश्न प्रत्येक प्रार्थनेला विचारता येतो. दूर उभा असलेला जकातदार त्या 'आम्ही'त बसतो काय, यावर परूश्याची कसोटी लागते.

ख्रिस्ती साधनापरंपरेला या धोक्याची जाणीव दीर्घकाळ आहे. सहाव्या शतकातील संत बेनेडिक्टच्या मठनियमावलीच्या सातव्या अध्यायात नम्रतेच्या बारा पायऱ्या सांगितल्या आहेत. सातव्या पायरीवर साधकाने स्वतःला इतर सर्वांहून हीन मानावे असे म्हटले आहे. ही तुलनाच आहे, केवळ तिची दिशा उलटली आहे. बाराव्या पायरीवर मात्र साधकाच्या मुखी जकातदाराच्या याचनेचे स्मरण येते. पूर्वेकडील ऑर्थोडॉक्स चर्चने हीच जाण दिनदर्शिकेत उतरवली आहे. महाउपवासाच्या पूर्वतयारीचा काळ परूशी आणि जकातदार यांच्या रविवाराने सुरू होतो आणि त्यानंतरच्या आठवड्यात बुधवार-शुक्रवारचे नेहमीचे उपवासही शिथिल केले जातात. उपवासाच्या उंबरठ्यावर उपवासाचा अभिमान सोडण्याची ही योजना आहे.

तरीही याच परंपरेच्या व्यवहारात 'परूशी' हा शब्द ढोंगीपणाचा समानार्थी झाला आणि यहुदी समाजाविषयीच्या तिरस्काराला त्याने बळ दिले. आपण परूश्यासारखे नाही याबद्दल आभार मानणारा वाचक दृष्टान्तातील परूश्याच्याच जागी जाऊन उभा राहतो. दृष्टान्ताचा हा सापळा ज्याला दिसला नाही, त्याला त्याचे वाङ्मयीन सामर्थ्यही उमगलेले नाही.

हा निकष मराठीत आणला असता काही रूढ समजुती तपासून घ्याव्या लागतात. नम्रता म्हणजे सौम्य स्वर, ही त्यांपैकी एक. मराठीत देवाला 'तू' म्हटले जाते. वारकरी अभंगातही आणि मराठी बायबलमध्येही. वडीलधाऱ्यांना आदरार्थी बहुवचन वापरणारी ही भाषा देवापुढे आदरार्थ बाजूला ठेवते. जनाबाई विठ्ठलाला खडसावते, तुकोबा त्याच्याशी भांडतात. बायबलमधील ईयोब आणि अनेक स्तोत्रकर्तेही देवाला जाब विचारतात. ही उद्धट वाणी गर्वाची ठरत नाही. कारण भांडण थेट समोरच्याशी आहे, तेथे कोणालाही मापदंड केलेले नाही. उलट अतिशय लीन शब्दांत रचलेले पद जर 'आम्ही अज्ञ जनांतून निवडले गेलो' या जाणिवेवर उभे असेल, तर त्याची लीनता शंकास्पद मानावी लागेल.

धर्मांतरित कवीपुढे हा प्रश्न अधिक तीव्र होऊन उभा राहतो. त्याच्या प्रार्थनेच्या दाराशी तिसरा माणूस आधीच उभा असतो. तो कधी मागे राहिलेला आप्त असतो, कधी सोडलेला समाज, कधी कालचा स्वतःच. त्याच्याशी तुलना करून आभार मानणे सोपे असते आणि प्रचारकी वाङ्मयात तसे घडतेही. रेव्हरंड नारायण वामन टिळक यांचे महत्त्व या पार्श्वभूमीवर नव्याने पाहता येईल. १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतलेल्या या कवीने तुकारामाच्या मार्गाने आपण ख्रिस्तापर्यंत पोचलो अशी भूमिका मांडली. तिच्यात मागे राहिलेली परंपरा मापदंड न राहता वाट दाखवणारी होते. १९१७ मध्ये मिशनची सेवा सोडून त्यांनी साताऱ्यास 'देवाचा दरबार' स्थापला. त्यात बाप्तिस्मा घेतलेल्या आणि न घेतलेल्या ख्रिस्तभक्तांना एकत्र स्थान होते. 'आम्ही' या सर्वनामाची सीमा विस्तारण्याचा हा प्रयत्न होता. १९१९ मध्ये टिळकांचे निधन झाले आणि तो अपुरा राहिला. 'अभंगांजली'तील पदे वाचताना अभंगाचा छंद कोठून आला एवढेच न विचारता, त्या पदांतील 'आम्ही' कोणाकोणाला सामावून घेतो, हे विचारणे अधिक फलदायी ठरेल. लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' ही प्रार्थना नव्हे. तथापि स्वतःच्या सोवळ्याओवळ्याचा आणि जातिविषयक ग्रहांचा वृत्तान्त त्या ज्या मिस्कीलपणे देतात, त्यात स्वतःकडे पाहण्यासाठी दुसऱ्याला खाली ढकलण्याची गरज भासत नाही. गद्यातील नम्रतेचा असा नमुना मराठीत विरळा आहे.

हा निकष नैतिक आहे, वाङ्मयीन नव्हे, असे कोणी म्हणेल. परंतु येथे कवीच्या अंतःकरणाचा निवाडा करावयाचा नाही. तो समीक्षेचा अधिकारही नाही. सर्वनामे, क्रियापदांचे कर्ते, संबोधने आणि तृतीयपुरुषी व्यक्तीचे स्थान या सर्व बाबी संहितेत दिसणाऱ्या आहेत आणि पदव्युत्तर वर्गातील विद्यार्थ्यालाही त्या तपासता येतील.

शेवटी तुलनात्मक अभ्यासाविषयी एक सावधगिरी आवश्यक आहे. वारकऱ्यांची शरणागती श्रेष्ठ की ख्रिस्ती पश्चात्ताप श्रेष्ठ, असा प्रश्न निबंधांतून आणि चर्चासत्रांतून वारंवार उपस्थित होतो. एका परंपरेची नम्रता दुसरीपेक्षा थोर ठरवू पाहणारा अभ्यासक नम्रतेचेच उपवास आणि दशमांश मोजत असतो. दोन परंपरा शेजारी ठेवून वाचणे आवश्यकच आहे. मात्र त्या वाचनात एकीला दुसरीचा 'तो जकातदार' करण्याचे टाळले नाही, तर प्रार्थनेच्या कवितेचा अभ्यास त्या कवितेच्याच मर्माविरुद्ध जाईल.