‘नष्टनीड’ची ‘चारुलता’ होताना

‘चित्रपट बरा आहे, पण मूळ कृतीची सर नाही.’ साहित्यकृतीवर बेतलेला चित्रपट पाहून आपण बहुधा हेच वाक्य घोळवीत बाहेर पडतो. पुढे त्याचाच प्रश्नपत्रिकेत प्रश्न होतो : पटकथाकाराने मूळ कृतीला न्याय दिला आहे काय? जणू पटकथाकार आरोपीच्या पिंजऱ्यातच उभा आहे. आम्हांला हा प्रश्न विचारण्याची रीतच मान्य नाही. पटकथाकार हा त्या कृतीचा एक वाचक असतो. त्याचे वाचन किती खोल गेले, एवढेच पाहावे.

सत्यजित राय यांनी रवींद्रनाथांच्या ‘नष्टनीड’वरून (१९०१) ‘चारुलता’ (१९६४) केला, तेव्हा अशोक रुद्र यांनी त्यातील बदलांवर टीका केली आणि राय यांनी तिला सविस्तर लेखी उत्तर दिले. बदल आहेतच. पण आरंभ पाहा. वर्तमानपत्राच्या नादात भूपतीचे तरुण पत्नीकडे लक्षच गेले नाही, हे रवींद्रनाथ निवेदनातून सांगतात. राय यांची चारू रुमालावर नवऱ्याच्या नावाचे आद्याक्षर भरते, पुस्तक चाळते, दुर्बीण घेऊन या खिडकीतून त्या खिडकीत जात रस्त्यावरची माणसे न्याहाळते. एवढ्यात भूपती पुस्तकात डोके घालून तिच्या अंगावरून निघून जातो, आणि ती त्याच दुर्बिणीतून त्याची पाठमोरी आकृती पाहते. संवाद जवळजवळ नाहीच. हे भाषांतर नव्हे, हे भाष्य आहे. पुढे डोळे पुसायला भूपतीच्या हाती तोच रुमाल येतो.

शेवट तर उलटाच केला आहे. कथेत म्हैसूरला निघालेला भूपती आधी चारूला नेण्याचे नाकारतो, मग ‘चल’ म्हणतो. आणि तेव्हा तीच नकार देते. चित्रपटात ती हात पुढे करून त्याला घरात बोलावते. कथेतली चारू दार लावते, चित्रपटातली उघडते! मात्र दोन हात भेटण्याआधीच राय चित्र गोठवतात आणि पडद्यावर मूळ कथेचे नाव उमटवतात. चारूने न दिलेला नकार असा पटकथाकार देतो. मूळ कथा ज्याने नीट पचवली आहे, त्यालाच हे सुचेल.

तरीही एका जागी आम्ही अडतो. कथेत चारू नवऱ्याच्या नकळत विलायतेला अमलला तार करते, तिचे उत्तर भूपतीच्या हाती पडते, आणि तेथून तो हळूहळू, जवळजवळ नाइलाजाने सत्यापाशी पोहोचतो. राय यांनी ही तार गाळली. अमलचे पत्र येते, चारू कोसळते, भूपती पाहतो. पडद्यावर हे अधिक वेगवान आहे, पटतेही. पण तार करणारी चारू काही करून बसलेली बाई होती; रडताना सापडलेली चारू नुसती सापडलेली आहे. रुमाल आणि दुर्बीण यांच्या मोबदल्यातही ही तक्रार मागे घ्यावी असे आम्हांला वाटत नाही.