‘संधिशूल’ एवढेच लिहून कसे चालेल?

मलकापूर, नांदुरा, खामगाव या राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ५३ वरील गावांत मोटारसायकल व सायकल यांची धडक नवी नाही. प्लास्टर निघाल्यावर उरलेली वेदना व ताठरता घेऊन रुग्ण वैद्यांकडे येतो. नोंदवहीत मात्र ‘संधिशूल’ एवढाच शब्द राहतो. कारण हरवते.

रुग्णालयांत आजही वापरल्या जाणाऱ्या आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत कारणांस स्वतंत्र संकेतांक आहेत. मोटारसायकलच्या धडकेने जखमी झालेला सायकलस्वार ‘व्ही १२’, तर त्याच धडकेतील जखमी मोटारसायकलस्वार ‘व्ही २१’. जखमी कोणत्या वाहनावर होता, यावरून संकेतांक ठरतो. दोष कोणाचा, यावरून नव्हे. जुन्या मोटार अपघाताच्या उत्तरपरिणामास ‘वाय ८५.०’ आहे.

२०१७ साली सुरू झालेल्या ‘नमस्ते’ पोर्टलमुळे आयुर्वेदीय निदानास संकेतांक लाभले. त्याच्या जोडीला कारणाचाही संकेतांक लिहावा, असे आमचे स्पष्ट मत आहे. सुश्रुताचार्यांनी संधिमुक्ताचे सहा व कांडभग्नाचे बारा प्रकार सांगताना पतन, पीडन, प्रहार ही कारणेही वेगळी नोंदविली. वर्गीकरण हा आपलाच वारसा आहे.

औषधालयचालकांनीही लाक्षादि गुग्गुळ देताना ‘कशाने लागले?’ एवढे विचारावे व रुग्णास वैद्यांकडे धाडावे. दिनांक, ठिकाण, वाहन, संकेतांक अशी एकच ओळ पुरे. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे गरीब सायकलस्वारास तिचा आधार मिळू शकतो. ती लिहिण्यास आम्ही वैद्यांनी आळस करू नये.