चंदूचा पाय

महेश एलकुंचवार यांचे 'वाडा चिरेबंदी' शिकवताना आम्ही वर्षानुवर्षे फळ्यावर एकच वाक्य लिहीत आलो : सरंजामी व्यवस्थेचा ऱ्हास. अंगणात गंजत पडलेला ट्रॅक्टर, खचत चाललेला वाडा, तेराव्याचा न पेलणारा खर्च हे सारे त्या वाक्यात नीट बसते आणि विद्यार्थ्यांना गुणही मिळतात. १९८५ साली विजया मेहता यांनी हे नाटक रंगभूमीवर आणले, तेव्हापासून समीक्षेचीही बहुधा हीच वहिवाट राहिली आहे.

ती चुकीची नाही, अपुरी आहे. सारे 'व्यवस्थे'वर ढकलले की माणसे सुटतात. तात्याजींच्या मृत्यूनंतर धरणगावच्या या देशपांड्यांच्या घरात सगळे एकत्र जमतात, परंतु दुःखाविषयी क्वचितच बोलतात. बोलणे होते ते खर्चाचे, हिश्शाचे, दागिन्यांचे. भास्कर आणि सुधीर यांचा एकमेकांवर जीवच नाही असे नव्हे. पण तो सांगायला दोघांपाशी हिशेबाखेरीज भाषा उरलेली नाही. प्रभाला पुढे शिकू दिले नाही, हे प्रत्येकाला ठाऊक आहे आणि त्याची भरपाई कुणाच्याच हाती नाही. आणि चंदू! घरचे सगळे कष्ट निमूटपणे उपसणारा हा धाकटा भाऊ. त्याच्या पायाची जखम चिघळत जाते ती घरच्यांच्या डोळ्यांदेखत. त्याला कुणी छळत नाही. त्याच्यासाठी थांबायला कुणाला सवड नाही, इतकेच. नाटककाराने येथे एखादा खलनायक दिला असता, तर आम्हां घरंदाज वाचकांची किती सोय झाली असती!

एका विद्यार्थिनीने तास संपल्यावर आमच्यापैकी एकाला विचारले होते, "सर, आमच्याकडे वाडा नाही, दोन खोल्यांचा फ्लॅट आहे. पण चंदू आहे. त्याच्याविषयी लिहिलं तर चालेल का?" चालेल, असे तिला सांगितले. उत्तरपत्रिकेत मात्र तिने ऱ्हासच लिहिला. गुणांचा प्रश्न होता, आणि तो आम्हीच निर्माण केलेला होता.

यंदा अंतर्गत परीक्षेतला प्रश्न आम्ही बदलला आहे : चंदूची जखम घरात कोणाकोणाच्या लक्षात येते, आणि त्यानंतर ते काय करतात? (उत्तरासाठी आमच्यापैकी दोघांना संहिता पुन्हा उघडावी लागली, हेही येथे नोंदवून ठेवतो.)