जुनीं घरें आणि संगणकाचीं चित्रें

मध्ययुगांतील घरांच्या त्रिमितीय प्रतिकृति संगणकावर तयार करण्याची कला हल्लीं फार पुढें गेली आहे. सहाशें वर्षांपूर्वींचें एखादें इंग्रज शेतकऱ्याचें घर पडद्यावर उभें राहतें. आपण दारांतून आंत शिरतों, जिना चढतों, खिडकींतून बाहेर डोकावतों. मुलांस हें आवडतें, व आवडावें हें योग्यच आहे. तथापि त्या घरांत पुराव्याचें किती व कल्पनेचें किती, हें पाहणाऱ्यास स्पष्ट कळलें पाहिजे, असें माझें आग्रहाचें मत आहे.

‘बे-लीफ’ नांवाचें घर घ्या. केंट परगण्यांत पंधराव्या शतकाच्या आरंभीं तें बांधलें गेलें. तेथें पाण्याचा मोठा तलाव होणार म्हणून १९६८-६९ मध्यें त्याची एकेक तुळई सोडविण्यांत आली, व १९७२ सालीं ससेक्समधील सिंगलटन येथील संग्रहालयांत तें पुन्हां उभें राहिलें. अशा घराचीं लांकडें मोठीं बोलकीं असतात. छपराचे वासे धुरानें काळवंडलेले. म्हणजे मधल्या दालनावर माळा नव्हता, जमिनीवर उघडा विस्तव पेटत असे, आणि धुराडें नसल्यानें धूर छपरांतूनच वाट काढी. रिकाम्या खांचांवरून कोठें भिंत होती, कोठें खिडकीचे गज होते, हें ठरतें. खिडक्यांस कांच नव्हती, झडपा होत्या. त्या काळच्या सुतारांनीं जोड जुळविण्यासाठीं कोरलेले रोमन अंकही अनेक घरांच्या तुळयांवर अद्याप वाचतां येतात. खोडांतील वलयें मोजून झाड केव्हां तोडलें याचा अंदाज बांधतां येतो. हें सर्व लेसर किरणांनीं किंवा शेंकडों छायाचित्रांवरून मोजून संगणकास देतां येतें.

परंतु मेज कोठें होतें, भिंतीवर कापड टांगलें होतें काय, मुलें कोठें निजत, ह्यांचें उत्तर तुळई देत नाहीं. जुनीं मृत्युपत्रें व मालमत्तेच्या याद्या थोडी मदत करतात, उरलेलें अनुमान. पूर्वीं पेन्सिलीनें रेखाटणारा चित्रकार संशयाची जागा पुसट ठेवूं शके. संगणक मात्र अनुमानासही सत्यासारखीच झिलई देतो, आणि खरोखर काळेंकुट्ट असलेलें दालन लख्ख दाखवितो. (धुराचा वास तर कोणत्याच पडद्यास येत नाहीं!)

ही अडचण विद्वानांच्या ध्यानांत आली नाहीं असें नाहीं. २००६ सालीं आरंभिलेल्या व २००९ मध्यें सुधारलेल्या ‘लंडन सनदे’त, चित्रांतील अनिश्चितता किती हें प्रेक्षकास कळावें, असें स्पष्ट सांगितलें आहे. परंतु मुलांच्या हातीं येणाऱ्या कित्येक चित्रांत त्याचा मागमूसही नसतो. वेगळे रंग दिल्यास मौज जाईल, असें कोणी म्हणतील. मला तसें वाटत नाहीं. खांच पाहून भिंत ओळखणें ही चोराचा माग काढण्याइतकीच मौजेची गोष्ट आहे.

म्हणून विद्यार्थ्यांनो, तुम्ही अशी प्रतिकृति कराल तेव्हां मोजलेला भाग लांकडाच्या रंगांत ठेवा, अनुमानाचा भाग करडा ठेवा, व तें अनुमान कां केलें हें शेजारीं लिहा. पालकांनींही मुलांस पडद्यावरील घर दाखवितांना ‘हें कशावरून?’ एवढें विचारावें. दोन अनुमानें सारखींच संभवनीय वाटलीं तर खुशाल दोन घरें करावींत. संगणकास त्यासाठीं दुसरें झाड तोडावें लागत नाहीं.